भाकरी थापणारीचे नाव कोणत्या दफ्तरात?

ऑगस्ट महिन्याची ९ तारीख जवळ आली म्हणजे आपल्या सातारा-सांगलीकडील हुतात्मा स्मारकांची झाडलोट सुरू होते. भिंतींस चुना लागतो, पुतळ्यांच्या गळ्यांत हार पडतात, शाळेच्या पोरांची प्रभातफेरी निघते आणि मग व्याख्यान होते. व्याख्याते कोणीतरी पुढारी असतात. क्रांतीची मशाल, रक्ताचे शिंपण, हुतात्म्यांचे ऋण हे शब्द दरसाल त्याच क्रमाने येतात. व्याख्यात्यांचा जन्म १९७० सालानंतरचा. त्यांनी जे ऐकले ते दुसऱ्या व्याख्यात्याकडून. आणि गंमत अशी की, त्याच मंडपात अगदी मागे, भिंतीस टेकून, नव्वदी ओलांडलेली एखादी म्हातारी बसलेली असते. ते दिवस तिने डोळ्यांनी पाहिलेले असतात. ज्याने पाहिले नाही तो बोलतो आणि जिने पाहिले ती ऐकते! कार्यक्रम आटोपला की तिच्या हातावर खाऊचा पुडा ठेवून आपण तिला घरी पोचवितो आणि मोठे कर्तव्य केले असे समजतो.

वाचकहो, या उलट्या न्यायाबद्दल आज आम्हांस चार शब्द लिहावयाचे आहेत. आमचे म्हणणे थोडक्यात असे की, १९४२ ते १९४६ या काळात सातारा जिल्ह्यात जी क्रांती झाली ती मूठभर पुढाऱ्यांनी केली नाही; ती शेकडो गावांतील रयतेने, विशेषतः रयतेच्या बायकांनी, आपल्या चुलीच्या आणि जात्याच्या बळावर उभी धरली. पुढाऱ्यांची चरित्रे लिहिली गेली. चुलीचे चरित्र कोणी लिहिले नाही. ते ज्यांच्या तोंडात आहे अशी माणसे आता बोटांवर मोजण्याइतकी उरली आहेत आणि त्यांच्या आठवणी जशा आहेत तशा, गोड असोत की कडू असोत, लिहून घेणे हे आज गावोगावच्या शिकलेल्या माणसाचे पहिले काम आहे.

हिशेब सोपा आहे. १९४३ साली जे पोर दहा वर्षांचे होते ते आज नव्वदीच्या पलीकडे गेले आहे. क्रांतिसिंह नाना पाटील १९७६ साली गेले. तुफान सेनेचे जी. डी. बापू लाड २०११ साली गेले, वाळव्याचे नागनाथअण्णा नायकवडी २०१२ साली गेले, कासेगावच्या इंदुताई पाटणकर २०१७ साली गेल्या, क्रांतिसिंहांची कन्या हौसाताई २०२१ साली गेल्या आणि कुंडलचे कॅप्टन भाऊ लाड २०२२ साली गेले. ही तर नावाजलेली माणसे. ज्यांचे नाव वर्तमानपत्रात कधी आलेच नाही अशी किती माणसे या काळात मुकाट्याने सरणावर गेली, त्याची गणती कोण करणार? आणखी पाच-सात वर्षांनी विचारू म्हटले तर विचारावयास कोणी शिल्लक राहणार नाही. बैल गेला नि झोपा केला, ही म्हण आपल्याच शेतकऱ्याने केली आहे. ती आपल्याच कपाळी यावी काय?

तरुण वाचकांसाठी त्या काळाची थोडी उजळणी करणे अवश्य आहे. ८ ऑगस्ट १९४२ रोजी मुंबईस गवालिया टँकवर 'चले जाव'चा ठराव झाला आणि दुसऱ्या दिवशी पहाटे गांधीजींसह सारे मोठे पुढारी गजाआड गेले. पुढारी नाहीत म्हणून रयत घरी बसली नाही. त्या वेळचा सातारा जिल्हा म्हणजे आजचा सातारा आणि आजच्या सांगलीचा बराच भाग मिळून होता. दक्षिण सातारा १९४९ साली वेगळा झाला व १९६० साली त्यास सांगली हे नाव मिळाले. या थोरल्या जिल्ह्यात ऑगस्टच्या अखेरीपासून कऱ्हाड, तासगाव, वडूज, इस्लामपूर येथील मामलेदार कचेऱ्यांवर रयतेचे मोर्चे चालून गेले. ९ सप्टेंबरला वडुजेस गोळीबार होऊन परशुराम घार्गे व त्यांचे सोबती पडले. दुसऱ्याच दिवशी इस्लामपुरास गोळीबार होऊन किर्लोस्करवाडीच्या कारखान्यातील इंजिनियर पंड्या व कामेरीचे विष्णू बारपटे पडले. निःशस्त्र मोर्चाला गोळीने उत्तर मिळते हे पाहून कार्यकर्ते भूमिगत झाले आणि १९४३ पासून प्रतिसरकार उभे राहिले. गावोगाव पंच नेमले गेले, न्यायदान मंडळे बसली, गहाण जमिनी सोडविल्या गेल्या, दारूचे गुत्ते बंद झाले, कर्ज काढून होणारी लग्ने थांबून थोडक्या खर्चाची 'गांधी लग्ने' लागू लागली. नाना पाटील ४४ महिने भूमिगत राहिले आणि सरकारचे पोलीस हात हलवीत राहिले.

हे सारे एका रात्रीत आकाशातून पडले नव्हते. त्याच्या मागे सत्यशोधकांनी केलेली मशागत होती. १८७३ साली जोतीरावांनी पुण्यास जे बी टाकले ते जलशांच्या डफावर बसून साताऱ्याच्या खेड्यांत आले. भटजीवाचून लग्न लावता येते आणि सावकाराच्या वहीला प्रश्न विचारता येतो, हे ज्या रयतेने अगोदर शिकून घेतले होते, तिलाच पुढे कलेक्टरावाचून राज्य चालविता येते हे सुचले. स्वतः नाना पाटील सत्यशोधकी वळणाचे. तलाठ्याची नोकरी सोडून चळवळीत आलेले. तलाठ्याला सरकारी दफ्तराची किंमत आणि त्यातील खोट दोन्ही ठाऊक असतात, हे ध्यानात ठेवावे.

आता भूमिगत माणूस म्हणजे काय, याचा विचार करू. भूमिगत माणसालाही दोन वेळा भूक लागते. चाळीस-चव्वेचाळीस महिने शे-दोनशे माणसे रानात, उसाच्या फडात, डोंगराच्या कपारीत राहिली, ती काय वारा पिऊन राहिली? रोज कोणीतरी जोंधळा दळला, रोज कोणीतरी भाकरी थापली, रोज कोणीतरी ती पोचविली. महायुद्धाचे दिवस, धान्यावर कंट्रोल, रॉकेल मिळेना, कापड मिळेना. स्वतःच्या पोरांच्या तोंडचा घास काढून दुसऱ्यास दिला तेव्हा ही क्रांती चालली. पोलिसांनी नुसता वास घेतला तरी घरावर जप्ती. अशा घरांची यादी कोठे आहे? आम्ही शोध केला, कोठेही नाही.

आमच्या गावी एक आजी आहेत. त्यांचे नाव आम्ही येथे देत नाही, कारण त्यांनीच नको म्हणून सांगितले आहे. त्या वेळी त्या दहा-अकरा वर्षांच्या होत्या. आम्ही वही घेऊन त्यांच्या ओसरीवर पाच-सहा वेळा बसलो. पहिल्या दिवशी त्यांचे उत्तर एकच: "आमी काय किरांती केली न्हाई, गुर्जी. माज्या आयनं भाकऱ्या थापल्या, म्या त्या न्हेल्या. त्यात काय सांगायचं?" हेच वाक्य गावोगावच्या म्हाताऱ्या बोलतात आणि म्हणूनच त्यांना कोणी पुन्हा विचारीत नाही. आम्ही पुन्हा विचारले. तेव्हा जे निघाले ते असे.

रात्री दुसऱ्या प्रहराच्या सुमारास मागच्या दाराची कडी हलके वाजे. आजींचे वडील उठून दाराशी जात आणि फक्त "किती?" असे विचारीत. बाहेरून "सात" किंवा "नऊ" असे उत्तर येई. याहून एक शब्द जास्त नाही. नाव विचारावयाचे नाही, तोंड पाहावयाचे नाही, म्हणजे उद्या पोलिसांनी मारले तरी सांगावयास काही उरणार नाही. एवढ्या रात्री जाते ओढावे तर त्याची घरघर चार घरे ऐकणार. म्हणून आई रोज पहाटे, सारे गाव दळत असते तेव्हाच, दोन पायल्या जास्त दळून ठेवी. धूर दिसू नये म्हणून भाकऱ्या तांबडे फुटण्याआधी होत. मग त्या फडक्यात बांधावयाच्या, पाटीत ठेवावयाच्या, वर एरंडाची पाने आणि त्यांवर शेण. ती पाटी डोकीवर घेऊन ही पोर मळ्याकडे जाई. शेणाची पाटी घेऊन जाणाऱ्या पोरीला कोणता फौजदार अडविणार? बांधावरच्या बाभळीखाली गाठोडे ठेवावयाचे आणि मागे वळून न पाहता परतावयाचे. संध्याकाळी फडके तेथेच मिळे. आजी म्हणाल्या, "त्यातला एकजन फडकं धुऊन, वाळवून, घडी घालून ठिवायचा. आय म्हनायची, ह्यो कुना चांगल्या आयचा ल्योक हाय बग. त्यो कोन व्हता, जगला का मेला, अजून ठावं न्हाई मला."

वाचकहो, ऐंशी वर्षांवर काळ लोटला, तरी त्या बाईस पुढाऱ्याचे भाषण आठवत नाही, ठराव आठवत नाही; धुतलेले फडके आठवते. आम्हांस विचाराल तर प्रतिसरकार लोकांचे का झाले याचे उत्तर कोणत्याही भाषणापेक्षा या फडक्यात अधिक आहे.

पुढे एकदा पोलीस आले. कोणी सांगितले कोण जाणे. वडिलांना तालुक्याच्या चौकीत नेले आणि आठ दिवसांनी सोडून दिले. सोडले तेव्हा दोन्ही हात सुजून डेऱ्यासारखे झालेले. त्या हंगामात त्यांना औताचा रुमणा धरवेना. आजूबाजूच्यांनी पैऱ्याने पेरणी करून दिली म्हणून घर तगले. मार खाऊन आलेल्या माणसाला आईने पहिल्या रात्री एवढेच विचारले की, आता भाकऱ्या बंद करावयाच्या काय? त्यांनी मानेनेच नाही म्हटले. त्या रात्री पुन्हा कडी वाजली आणि या खेपेस आईच दाराशी गेली.

या आठ दिवसांपाशी आपण जरा थांबू. स्वतंत्र हिंदुस्थानच्या सरकारने १९७२ साली स्वातंत्र्यसैनिकांना पेन्शन सुरू केले, ही योग्यच गोष्ट झाली. १९८० साली तिचा विस्तार होऊन 'सन्मान' हा शब्द तिला जोडला गेला. परंतु तिच्या अटी काय? सर्वसाधारणपणे सहा महिन्यांचा तुरुंगवास असावा. भूमिगत असल्यास सहा महिन्यांहून अधिक काळ, आणि तोही फरारी म्हणून जाहीर झालेला, डोक्यावर इनाम लागलेला किंवा स्थानबद्धतेचा हुकूम निघालेला असा असावा. आणि त्याचा पुरावा असावा. म्हणजे काय झाले? ज्या इंग्रजी पोलिसाशी झगडा केला, त्याच पोलिसाच्या दफ्तरात नाव असेल तर तुम्ही देशभक्त! ज्याने इतक्या हुशारीने काम केले की पोलिसाला पत्ताच लागला नाही, त्याचे नाव दफ्तरात येणार कोठून? आणि आठ दिवस मार खाल्लेल्या माणसाच्या नावाने सहा महिन्यांचा दाखला आणावा कोठून? आजींच्या वडिलांनी कधी अर्ज केला नाही. त्यांच्या आईला तर अर्ज करावयाचा असतो हेही ठाऊक नव्हते. पैशाचा प्रश्न आम्ही उपस्थित करीत नाही. ती माणसे आता पैशाच्या पलीकडे गेली आहेत. आम्ही नावाबद्दल बोलत आहो. सरकारी कागदाने एकदा ठरविले की क्रांतिकारक कोण, म्हणजे पुढे शाळेतील पुस्तक, स्मारकावरची पाटी आणि व्याख्यात्याचे भाषण सारे त्याच कागदावरून उतरते. कागद नाही त्याला इतिहास नाही, असा हा न्याय. पिढ्यान्‌पिढ्या कुळकर्ण्याच्या दफ्तराने आणि सावकाराच्या वहीने ज्यांस नागविले, त्या रयतेने तरी हा न्याय मुकाट्याने मान्य करावा हे नवल होय.

काही सुशिक्षित मित्र आम्हांस म्हणतात, "गुरुजी, म्हाताऱ्या माणसांच्या आठवणींवर काय विश्वास? सनावळ्या चुकतात, एकाचे दुसऱ्याच्या नावावर जाते." गोष्ट खरी आहे. आजींना एकही तारीख आठवत नाही. पण "जुंधळं पोटऱ्यात आलं व्हतं", "शाळू काढणीला व्हता", "पंचमीला म्हायेराला आल्ती" हे त्यांस बिनचूक आठवते आणि शेतकऱ्याच्या पोरास ही पंजिका वाचता येते. ज्यांस वाचता येत नाही त्यांनी तो दोष म्हातारीच्या माथी मारू नये. शिवाय चूक काय फक्त तोंडातच होते? कागदात होत नाही? पोलिसांच्या कागदांत या चळवळीस दरोडे म्हटले आहे. ७ जून १९४३ रोजी शेणोलीजवळ तुफान सेनेने पगाराची रक्कम नेणारी आगगाडी अडविली, त्यात कॅप्टन भाऊ होते. ते उतारवयातही ठणकावून सांगत की, आम्ही लूट केली म्हणू नका. इंग्रजाने लोकांचा नेलेला पैसा आम्ही परत आणला. १४ एप्रिल १९४४ रोजी धुळे जिल्ह्यात चिमठाण्याजवळ सरकारी खजिना पाडला गेला, साडेपाच लाखांच्या सुमारास रक्कम; त्यालाही कागदात दरोडा हाच शब्द. कागद पोलिसाचा, म्हणून शब्द पोलिसाचा. आठवण त्या माणसाची, म्हणून शब्द त्या माणसाचा. दोन्ही समोर ठेवल्यावाचून निवाडा कसा होणार? एकतर्फी निकाल तर न्यायदान मंडळेही देत नसत.

'पत्री सरकार' या नावाचेच पाहा. लोकांत प्रसिद्ध अशी समजूत की गुन्हेगाराच्या पायांस पत्रे मारीत म्हणून पत्री. कॅप्टन भाऊंसारखे त्यांतले लोक सांगत की मूळ नाव प्रतिसरकार. तळपायांवर काठीचे फटके देत हे खरे, पण पत्र्याची गोष्ट लोकांनी वाढविली. जो शब्द शाळेच्या पुस्तकात आपण सहज वाचून जातो, त्याच्यामागे एवढा वाद आहे, हे कळले कोणामुळे? बोलणाऱ्या म्हाताऱ्या माणसांमुळेच.

आता दुसरा आक्षेप. तो अधिक अवघड आहे. आजींनी आम्हांस आणखी एक गोष्ट सांगितली. गावच्या एका गड्यास पोलिसांचा खबऱ्या म्हणून रात्री धरून नेले आणि त्याचे तळपाय फोडले. त्याचे ओरडणे त्यांनी घोंगडीत तोंड खुपसून ऐकले. "त्यो चहाडखोर व्हता का न्हवता, द्येवाला ठावं. काईजण म्हनत्यात भावकीचा दावा व्हता. मरंस्तवर लंगडत चालायचा. मला भाकरीची पाटी आठवली म्हंजे त्याचं चालनंबी आठवतं." ही गोष्ट वहीत उतरविल्याचे कळताच गावातील चार मानकरी आम्हांकडे आले. त्यांचे म्हणणे, "गुरुजी, चांगले तेवढे लिहा. जुनी मढी उकरून गावात तंटा कशाला?" त्यांचा हेतू वाईट नव्हता. त्या गड्याची नातवंडे याच गावात राहतात, ज्यांनी मारले त्यांचीही राहतात.

तरीही आमचे स्पष्ट मत आहे की ती गोष्ट वहीतून काढू नये. नावे छापू नयेत, कोणाच्या दारी जाऊन जाब विचारू नये, हे सर्व मान्य. पण खोडू नये. न्यायदान मंडळांनी विधवांच्या जमिनी परत देवविल्या हे जितके खरे, तितकेच हेही खरे असू शकते की कोठे कोठे प्रतिसरकारच्या नावाखाली कोणी आपले जुने वैर उगविले. चांगले तेवढे लिहावयाचे असे ठरविले की ती पोथी होते, आणि पोथी झाली की तिला प्रश्न विचारता येत नाही. जोतीरावांच्या समाजाने आपल्या नावात 'सत्य' हा शब्द घातला आणि पुढे 'शोधक' घातला, तो काही शोभेसाठी नव्हे. दुसऱ्यांच्या पुराणांची चिरफाड करणाऱ्यांनी स्वतःचे नवे पुराण रचावे, हे आम्हांस पटत नाही. आजींच्या मनात भाकरीची पाटी आणि लंगडणारा माणूस ऐंशी वर्षे शेजारी शेजारी राहिले आहेत. त्यांनी एकाला हाकलून दिले नाही. मग आपण शिकलेल्यांनी का हाकलावे?

आणि सावकाराचेही तसेच. आजींच्या घरची गहाण पडलेली एक पट्टी मंडळाने सोडवून दिली. आम्ही सहज विचारले, सावकार कोण, मारवाडी की भट? आजी हसल्या. "आमच्याच भावकीतला व्हता की!" हे उत्तर ज्यांस अडचणीचे वाटेल त्यांनीच ते दोनदा वाचावे. उलट बाजूसही पाहावे: औंधचे राजे ब्राह्मण, पण त्यांच्या संस्थानात कुंडलसारख्या गावांतून कार्यकर्त्यांना आसरा मिळाला. जुलूम करणारा जातीने ओळखावा की करणीने, हा प्रश्न त्या काळच्या रयतेने आपल्या परीने सोडविला होता.

म्हणूनच आणखी एके ठिकाणी विचारपूस व्हावयास हवी. महारवाड्यात, मांगवाड्यात, रामोशवाड्यात जाऊन विचारावे की, तुमच्या आजा-पणज्यांच्या आठवणीत ते दिवस कसे आहेत? न्यायदान मंडळ बसले तेव्हा तुम्हांस पंचांच्या पंगतीत जागा होती की नुसती फिर्याद करावयास? रात्री निरोप घेऊन कोण धावले, आणि सकाळी पहिला संशय कोणावर आला? या प्रश्नांची उत्तरे पाटलाच्या वाड्यात मिळणार नाहीत.

लाज वाटावी अशी एक गोष्ट सांगून टाकतो. प्रतिसरकारचा अभ्यास कोणी केला पाहू गेलो तर अमेरिकेत जन्मलेल्या गेल ऑम्व्हेट बाईंचे नाव पुढे येते. त्या आमच्या मातीत आल्या, कासेगावच्या सून झाल्या, येथील भाषा शिकल्या आणि सत्यशोधकांवर व प्रतिसरकारवर लिहून २०२१ साली येथेच निवर्तल्या. दुसरे नाव पत्रकार पी. साईनाथ यांचे. ते गावोगाव हिंडून या वृद्धांस भेटले. 'द लास्ट हीरोज' हे त्यांचे पुस्तक २०२२ साली निघाले. हौसाताईंनी भवानीनगरच्या पोलीस ठाण्यापुढे नवऱ्याकडून मार खाणाऱ्या बायकोचे सोंग वठवून पोलिसांस बाहेर काढले आणि तेवढ्यात सोबत्यांनी आतली हत्यारे पळविली, ही हकीकत आज जगभर इंग्रजीत वाचली जाते. या दोघांचेही आपणावर उपकार आहेत. पण प्रश्न असा की, तालुक्यातालुक्यास कॉलेजे निघाली, घरोघरी पदवीधर झाले, इतिहास विषय घेऊन एम. ए. झालेल्यांची रांग लागली, ती मंडळी शेजारच्या ओसरीवर का बसली नाहीत? आजीच्या वाढदिवसाचा फोटो मोबाइलवर शंभर जणांस धाडणाऱ्या नातवाने तोच मोबाइल तिच्यापुढे ठेवून तासभर तिचे बोलणे का उतरून घेतले नाही?

नुसती टीका करून भागत नाही. काम कसे करावे हेही सांगितले पाहिजे. शाळामास्तराच्या अनुभवाने चार गोष्टी सांगतो. पहिली, पहिल्या दिवशी काही मिळत नाही. पुन्हा पुन्हा जावे आणि रिकाम्या हाताने जाऊ नये. दुसरी, "तुम्ही देशासाठी काय केले?" असे विचारू नये. याला उत्तर "काही नाही" असेच येते. "त्या दिवसांत घरात माणसे किती, दळण कोण करी, पाणी कोठून आणीत?" असे विचारावे, क्रांती त्या पाण्यामागून आपोआप येते. तिसरी, म्हातारी जशी बोलते तसेच लिहावे. तिच्या "न्हाई"चे "नाही" करू नये. शुद्धलेखनाने तोंड धुतले की माणूस ओळखू येत नाही. तारीख चुकली तर मध्ये बोलून दुरुस्त करू नये, बाजूला आपली टीप लिहावी. चौथी, पोरांना सोबत न्यावे. सातवी-आठवीची दोन पोरे बरोबर असली म्हणजे आजी आमच्याकडे न पाहता पोरांकडे पाहून बोलतात आणि जास्त बोलतात. एका पोरीने त्यांस विचारले, "आज्जी, तुमाला भ्या नाही वाटलं?" हा प्रश्न आम्हांस सुचला नव्हता. आजी म्हणाल्या, "वाटायचं की. पर मागं बगायचं न्हाई आसं सांगितलं व्हतं, म्हून बगितलं न्हाई."

अशा वह्या प्रत्येक गावात झाल्या, त्यांची एक प्रत शाळेत, एक ग्रामपंचायतीत आणि एक तालुक्याच्या वाचनालयात राहिली, तर दहा वर्षांत या भागाचे असे दफ्तर तयार होईल की ज्यात फौजदाराचा शब्द नसेल. याला सरकारी ग्रँट लागत नाही, पुढाऱ्याची शिफारस लागत नाही, एक चाळीस पानी वही आणि संध्याकाळचा तास लागतो. स्मारकास संगमरवर लावण्याकरिता वर्गणी जमविणाऱ्या मंडळींनी त्याच पावतीपुस्तकातून शंभर वह्यांचे पैसे काढले तर हुतात्म्यांचा आत्मा रागावणार नाही.

आम्ही या लेखाने कोणाचा हार काढून घेऊ इच्छीत नाही. नाना पाटलांच्या पुतळ्याला हार घालावाच. पण तो घालताना एवढे मनात आणावे की, ४४ महिने या माणसाच्या पोटात ज्यांची भाकरी गेली त्या बायकांची नावे आपणांस ठाऊक नाहीत आणि ती ज्यांस ठाऊक आहेत ती माणसे अजून, आज संध्याकाळपर्यंत तरी, आपल्या ओसरीवर बसलेली आहेत. पुढल्या ९ ऑगस्टला व्याख्यात्याचे भाषण अर्धे करून ती वही मंडपात वाचावी, आणि वाचणारी पोर आठवीतील असावी. वाचकांपैकी ज्यांच्या घरी असे माणूस आहे त्यांनी हा अंक बाजूला ठेवून आधी तिकडे जावे. उरलेला मजकूर उद्याही वाचता येईल.